देवाचे नाव, देवांची सभा आणि भाषांतरकाराची लेखणी

वाचकांचे प्रश्न

ज्यू आणि ख्रिस्ती धर्मग्रंथांतील देवकल्पनांचा अभ्यास कसा केला जातो, याविषयी आलेल्या पत्रांपैकी सहा पत्रांना या वेळी उत्तरे देत आहोत. उत्तरांपूर्वी एक खुलासा आवश्यक वाटतो. देव आहे का आणि असल्यास कसा आहे, या प्रश्नाचा निवाडा हा अभ्यास करीत नाही. देवाविषयी कोणी, कधी, कोणाला उद्देशून आणि कोणत्या शब्दांत लिहिले, एवढेच तो विचारतो. आणि एवढ्याच प्रश्नाने अभ्यासकांना गेली अडीचशेहून अधिक वर्षे पुरेसे काम दिले आहे.

प्रश्न : आमच्या अलिबागजवळच्या गावात पूर्वी बेने इस्राएल (कोकणातील ज्यू) कुटुंबे राहत असत. ते लोक देवाचे नाव उच्चारीत नाहीत, असे माझी आजी सांगे. मराठी बायबलात मात्र कोठे ‘देव’, कोठे ‘परमेश्वर’ आणि काही जुन्या पुस्तकांत ‘यहोवा’ असे शब्द दिसतात. ही एकाच देवाची नावे आहेत का? अभ्यासकांना त्यांत एवढे महत्त्व का वाटते?

आपल्या आजींनी सांगितले ते खरे आहे. हिब्रू बायबलात, म्हणजे ज्यू परंपरेच्या तनखात आणि ख्रिस्ती परंपरेच्या जुन्या करारात, देवाचे विशेषनाम योद, हे, वाव, हे या चार व्यंजनांनी लिहिलेले असून ते सुमारे ६,८०० वेळा येते. प्राचीन हिब्रू लेखनात स्वर जवळजवळ लिहीत नसत. मराठी मजकुरातील काने, मात्रा आणि वेलांट्या पुसून टाकल्या तर जे उरेल, साधारण तसे ते लेखन असे, आणि उच्चार पिढ्यान्‌पिढ्यांच्या पाठांतराने टिकत असे. या एका नावाच्या बाबतीत ते पाठांतर थांबले, कारण इसवी सनापूर्वीच्या अखेरच्या शतकांत आदरापोटी नाव उच्चारणे बंद होत गेले आणि त्याच्या जागी ‘अदोनाय’, म्हणजे ‘माझे प्रभू’, असे वाचण्याचा प्रघात पडला. पुढे सहाव्या ते दहाव्या शतकांच्या दरम्यान मसोरा या ग्रंथपाठ जपणाऱ्या ज्यू परंपरेच्या लेखनिकांनी ग्रंथाला स्वरचिन्हे लावली, तेव्हा त्यांनी या चार व्यंजनांना ‘अदोनाय’ची चिन्हे जोडली. येथे ‘अदोनाय’ वाचावे, अशी ती वाचकाला केलेली खूण होती. मध्ययुगातील ख्रिस्ती वाचकांनी मात्र एका शब्दाची व्यंजने आणि दुसऱ्याचे स्वर एकत्र वाचले आणि त्यातून ‘यहोवा’ हे रूप जन्माला आले. मूळ उच्चार ‘याहवे’च्या जवळपास असावा, असे बहुतेक अभ्यासक मानतात. ‘हालेलुया’ या शब्दाच्या शेवटी जे ‘या’ आहे, ते याच नावाचे संक्षिप्त रूप होय.

दुसरा शब्द ‘एलोहीम’. तो सुमारे २,६०० वेळा येतो. रूपाने तो अनेकवचनी असला, तरी इस्राएलच्या देवासाठी वापरताना त्याचे क्रियापद बहुधा एकवचनीच असते. प्रचलित मराठी बायबलात चार अक्षरी नावासाठी ‘परमेश्वर’ आणि एलोहीमसाठी ‘देव’ असा भेद सामान्यतः पाळलेला आहे. त्यामुळे हिब्रू न जाणणाऱ्या मराठी वाचकालाही मुळात कोणता शब्द आहे, हे बऱ्याच अंशी ओळखता येते. भाषांतरकारांच्या या शिस्तीबद्दल आपण त्यांचे ऋणी असले पाहिजे.

आता महत्त्वाचा भाग. इ.स. १७५३ मध्ये झां आस्त्र्युक नावाच्या एका फ्रेंच वैद्याने आपले नाव न घालता एक पुस्तक छापले. उत्पत्ती या बायबलाच्या पहिल्या पुस्तकाच्या काही भागांत देवाला सातत्याने एलोहीम, तर काही भागांत याहवे म्हटलेले आहे, हे त्याने पाहिले आणि परंपरेने या पुस्तकाचा कर्ता मानलेल्या मोशेने दोन जुन्या लेखांच्या आधारे ग्रंथ रचला असावा, असा तर्क मांडला. मोशेच्या कर्तृत्वावर संशय घेण्याचा त्याचा हेतू नव्हता; उलट ते सिद्ध करण्यासाठीच त्याने हा खटाटोप केला. पण एकदा वाट दिसल्यावर तिच्यावरून पुष्कळ लोक गेले. नोहाच्या जलप्रलयाची कथा घ्या. एका ठिकाणी देव प्रत्येक जातीचे एक-एक जोडपे तारवात घ्यायला सांगतो, तर पुढच्याच अध्यायात परमेश्वर शुद्ध पशू सात-सात घ्यायला सांगतो. पाऊस चाळीस दिवस पडल्याचे म्हटले आहे आणि पाणी दीडशे दिवस चढलेले राहिल्याचेही म्हटले आहे. निर्गम या दुसऱ्या पुस्तकाच्या सहाव्या अध्यायात देव मोशेला सांगतो की पूर्वजांना मी एल शद्दाय (सर्वसमर्थ देव) म्हणून प्रकट झालो, याहवे या नावाने त्यांना ज्ञात नव्हतो. उत्पत्तीच्या चौथ्या अध्यायात मात्र मोशेच्या कितीतरी पिढ्या आधी लोक याहवेच्या नावाने प्रार्थना करू लागल्याचे वाचायला मिळते.

या सर्व निरीक्षणांची सर्वांत प्रभावी मांडणी युलिउस वेलहाउसेन या जर्मन पंडिताने १८७८ मध्ये केली. मोशेच्या नावाने चालत आलेली पाच पुस्तके चार वेगवेगळ्या काळांतील लेखनांतून गुंफली गेली, असे त्याचे प्रतिपादन होते. ते शतकभर टिकले. आज ते जसेच्या तसे मानणारे थोडेच आहेत. १९७० च्या दशकापासून त्याच्यावर इतके आघात झाले की चारपैकी एका लेखनाचे स्वतंत्र अस्तित्वच बहुसंख्य अभ्यासक मान्य करीत नाहीत. मात्र याजकांच्या परंपरेतून आलेला मजकूर आणि इतर मजकूर यांतील भेद अजूनही बहुतेकांना पटतो. उम्बेर्तो कासुतो या इटलीत जन्मलेल्या ज्यू विद्वानाने तर नावांच्या भेदावर उभारलेला हा डोलाराच नाकारला होता. जेथे साऱ्या विश्वाचा कर्ता अभिप्रेत आहे तेथे एलोहीम आणि जेथे इस्राएलशी नाते जोडणारा देव अभिप्रेत आहे तेथे याहवे, अशी नावांची निवड अर्थानुसार केलेली आहे, असे त्याचे म्हणणे होते. सर्व स्थळी ते लागू पडत नाही, पण पुष्कळ स्थळी पडते.

वेलहाउसेनविषयी आणखी एक गोष्ट सांगितलीच पाहिजे. संदेष्ट्यांचा जिवंत धर्म पुढे याजकांच्या नियमांत गोठला, हा त्याच्या इतिहासाचा सूर ज्यू धर्माविषयीच्या त्या काळच्या जर्मन पूर्वग्रहातून आलेला होता. ज्यू विद्वान सॉलोमन शेख्तर यांनी १९०३ मधील एका भाषणात ग्रंथाचे कर्ते आणि काळ शोधणाऱ्या या ‘उच्चतर चिकित्सेला’ ‘उच्चतर ज्यूद्वेष’ म्हटले, ते विनाकारण नव्हे. अभ्यासाची पद्धत घ्यावी, पण तिच्याबरोबर आलेला अवमान घेऊ नये, ही समज रुजायला पुढे बराच काळ जावा लागला.

प्रश्न : ‘हे इस्राएला, श्रवण कर, आपला देव परमेश्वर हा अनन्य परमेश्वर आहे’ हे वचन ज्यू धर्माचा गाभा मानले जाते. मग इस्राएली लोक सुरुवातीपासून एकच देव मानीत होते की ही कल्पना हळूहळू घडली? (पुणे येथील एक निवृत्त शिक्षक)

आपण उद्धृत केलेल्या वचनापासूनच सुरुवात करू. जुन्या करारातील ‘अनुवाद’ नावाच्या पुस्तकातील (६:४, म्हणजे सहावा अध्याय, चौथे वचन) ‘शेमा’ म्हणून ओळखले जाणारे हे वचन बेने इस्राएलांच्या आठवणींतही मध्यवर्ती आहे. कोकणात कित्येक पिढ्या इतर ज्यूंपासून दूर राहिल्यावरही आपल्या पूर्वजांना शेमा, शब्बाथ आणि सुंता यांचा विसर पडला नव्हता, असे त्यांची परंपरा सांगते. हिब्रूत ‘श्रवण कर’नंतर उरतात ते फक्त चार शब्द : याहवे, आमचा-देव, याहवे, एक. क्रियापद नाही. ‘याहवे आमचा देव आहे, याहवे एक आहे’ असाही त्याचा अर्थ होतो आणि ‘याहवे आमचा देव आहे, फक्त याहवेच’ असाही. पहिल्या अर्थात देव किती, याचे विधान आहे. दुसऱ्यात आम्ही कोणाचे, याचे. मराठी भाषांतरकारांनी निवडलेला ‘अनन्य’ हा शब्द दोन्ही अर्थांना जागा ठेवतो, हे विशेष आहे.

हाच भेद अभ्यासकांच्या चर्चेचा कणा आहे. इतर देवांचे अस्तित्व न नाकारता एकाच देवाची उपासना करणे ही एकदैवनिष्ठा, आणि दुसरा देव मुळात नाहीच असे म्हणणे हा एकेश्वरवाद. ‘माझ्याखेरीज तुला वेगळे देव नसावेत’ ही दहा आज्ञांपैकी आज्ञा निष्ठा मागते. इतर देव नाहीत, असे ती म्हणत नाही.

आता अनुवादाचा बत्तिसावा अध्याय पाहा. त्यातील प्राचीन गीतात परात्पराने राष्ट्रांना वतने वाटून दिली आणि लोकांच्या सीमा ठरवल्या, असे म्हटले आहे. कोणाच्या संख्येनुसार? पारंपरिक हिब्रू पाठात ‘इस्राएलच्या पुत्रांच्या संख्येनुसार’ असे आहे. हे अवघड होते, कारण ज्या वेळची ही गोष्ट सांगितली आहे, त्या वेळी इस्राएल अस्तित्वातच नव्हता. प्राचीन ग्रीक भाषांतरात येथे देवदूतांचा किंवा देवपुत्रांचा उल्लेख होता, पण ती भाषांतरकाराची मोकळीक समजून दुर्लक्षिली जाई. १९४७ नंतर मृत समुद्राजवळच्या कुमरान येथील गुहांत जी हस्तलिखिते सापडली, त्यांतील अनुवादाच्या एका तुकड्यात हेच वचन निघाले आणि त्यात हिब्रूतच ‘देवाच्या पुत्रांच्या’ असे स्पष्ट शब्द होते. म्हणजे ग्रीक भाषांतरकाराने काही घुसडले नव्हते. त्याच्यासमोरची हिब्रू पोथीच तशी होती. पुढच्याच ओळीत याहवेचा वाटा म्हणजे त्याची प्रजा, असे येते. या ओळींत परात्पर हाच याहवे आहे, की याहवे हा परात्पराकडून आपला वाटा घेणाऱ्यांपैकी एक आहे, यावर आजही वाद आहे. मला व्यक्तिशः दुसरे वाचन त्या गीताच्या प्राचीनतेला अधिक जुळणारे वाटते, परंतु ज्या संपादकांनी हे गीत अनुवादात बसवले, ते मात्र पहिल्याच अर्थाने वाचत होते, याविषयी मला शंका नाही.

स्तोत्रसंहितेतील ब्याऐंशीव्या स्तोत्रातही देव ईश्वरी सभेत उभा राहून इतर देवांचा न्याय करताना दिसतो. गरिबांना आणि पोरक्यांना तुम्ही न्याय दिला नाही, म्हणून तुम्ही माणसांसारखे मराल, असे तो त्यांना बजावतो. अशी सभा कोठून आली, हे कळायला उत्तर सीरियातील रास शाम्रा हे ठिकाण उपयोगी पडले. १९२८ मध्ये तेथे शेतात काम करताना एका थडग्याचा दगड लागला आणि पुढच्या वर्षी सुरू झालेल्या उत्खननातून उगारित नावाचे नगर बाहेर आले. इ.स.पू. १२०० च्या सुमारास नष्ट झालेल्या या नगरातील मातीच्या पाट्यांवर हिब्रूला जवळच्या भाषेत एल या वृद्ध देवाच्या, वादळाचा स्वामी असलेल्या बआलाच्या आणि त्यांच्या देवसभेच्या कथा आहेत. ‘इस्राएल’ या नावातच ‘एल’ आहे, हे वाचकांच्या लक्षात येईल. पाट्यांतील एका काव्यात पळणाऱ्या आणि वेटोळे घालणाऱ्या सर्पाचा वध येतो. यशया २७:१ मध्ये लिव्याथान या पौराणिक समुद्रसर्पाला लावलेली विशेषणे जवळजवळ शब्दशः तीच आहेत, आणि दोहोंत शतकानुशतकांचे अंतर आहे. मेघांना रथ करणारा, मेघगर्जनेतून बोलणारा देव एकोणतिसाव्या आणि एकशे चौथ्या स्तोत्रांत भेटतो, तेव्हा बआलाची काव्यभाषा याहवेच्या स्तुतीसाठी वापरलेली आहे, हे जाणवल्याशिवाय राहत नाही. शब्द शेजाऱ्यांचे होते, निष्ठा स्वतःची होती.

यापेक्षाही अधिक खळबळ उडवली ती कुंतिल्लेत अज्रूद येथील शोधाने. सिनाईच्या ईशान्य भागातील या एकाकी वाळवंटी ठाण्यावर झेव मेशेल यांनी १९७५–७६ मध्ये उत्खनन केले. इ.स.पू. ८०० च्या सुमाराच्या मोठ्या रांजणांवर तेथे आशीर्वाद लिहिलेले सापडले : ‘शोमरोनचा याहवे आणि त्याची अशेरा’, ‘तेमानचा याहवे आणि त्याची अशेरा’. हेब्रोनजवळच्या खिर्बेत एल-कोम येथील थडग्यातील लेखातही असाच उल्लेख आहे. अशेरा ही उगारितमध्ये एलाची सहचारिणी. मग इस्राएली लोक याहवेलाही पत्नी मानीत होते काय? पुष्कळ अभ्यासक होय म्हणतात. पण हिब्रूत विशेषनामाला ‘त्याची’ असा स्वामित्वदर्शक प्रत्यय लागत नाही, या व्याकरणाच्या अडचणीवर बोट ठेवून इतरांनी येथे देवी नसून तिचे प्रतीक असलेला पवित्र खांब अभिप्रेत आहे, असे म्हटले. मला हा आक्षेप वजनदार वाटतो, तरीही त्याने मूळ गोष्ट फारशी बदलत नाही, कारण २ राजे या पुस्तकातच मनश्शे राजाने अशेरेची मूर्ती यरुशलेमेच्या मंदिरात ठेवल्याचे आणि पुढे योशीया राजाने तेथील अशेरा बाहेर काढून जाळल्याचे लिहिले आहे. बायबलाच्या लेखकांनी ज्याचा निषेध केला, ते लोकांच्या घरांत, डोंगरांवर आणि काही काळ खुद्द मंदिरातही चालू होते.

एकेश्वरवादाचे निःसंदिग्ध शब्द आपल्याला यशयाच्या चाळिसाव्या अध्यायापासून पुढे ऐकू येतात. बाबेलच्या (बॅबिलोनच्या) सैन्याने यरुशलेम उद्ध्वस्त केल्यावर (इ.स.पू. ५८७ किंवा ५८६) बंदिवासात गेलेल्या लोकांमध्ये हे अध्याय रचले गेले, असे बहुतेक अभ्यासक मानतात, कारण त्यांत इ.स.पू. ५३९ मध्ये बाबेल जिंकणाऱ्या पारसाच्या (इराणच्या) कोरेश (सायरस) राजाचे नाव येते. ‘मी परमेश्वर आहे, दुसरा कोणी नाही’ असे तेथे पुनःपुन्हा सांगितले आहे, आणि प्रकाश व अंधकार, कल्याण व अनिष्ट दोन्ही मीच घडवतो, असेही. ज्या लोकांचे राज्य, राजवंश आणि मंदिर नष्ट झाले होते, त्यांनी आपला देव हरला असे म्हणण्याऐवजी जिंकणाऱ्यांचे देव मुळात देवच नाहीत, असे म्हटले. मानवी विचारांच्या इतिहासात इतके धाडसी वळण मला दुसरे आठवत नाही.

याउलट येहेझ्केल काउफमान या ज्यू विद्वानाने हिब्रूतील आपल्या अनेक खंडी ग्रंथात इस्राएलचा एकेश्वरवाद मोशेच्या काळापासूनचा आणि शेजाऱ्यांच्या धर्मांहून मुळातच वेगळा होता, असा आग्रह धरला. उत्खननांनी त्याच्या मताला फारसा आधार दिलेला नाही. मात्र याहवेच्या जन्माची, वंशावळीची किंवा विवाहाची कथा बायबलात कोठेही नाही, हे त्याचे निरीक्षण आजही उत्तर मागते.

प्रश्न : देव बागेत फिरतो, त्याला पश्चात्ताप होतो, त्याचा कोप भडकतो. अशी वाक्ये विद्वान अक्षरशः घेतात की रूपक मानतात? (नागपूर)

कोणत्या काळच्या वाचकाविषयी आपण बोलत आहोत, यावर उत्तर अवलंबून आहे. उत्पत्तीच्या दुसऱ्या-तिसऱ्या अध्यायांचा लेखक देवाच्या हातांनी मातीचा मनुष्य घडवून घेतो आणि त्यात त्याला कोणतीही अडचण वाटत नाही. नंतरच्या वाचकांना ती वाटू लागली, आणि ती वाटत गेल्याच्या खुणा हस्तलिखितांत टिकून आहेत. निर्गम २४:१० मध्ये मोशे आणि वडील यांनी ‘इस्राएलच्या देवाला पाहिले’, असे हिब्रूत आहे. ग्रीक भाषांतरकाराने ‘जेथे इस्राएलचा देव उभा होता ते स्थान पाहिले’ असे केले. अरामी भाषांतरांत देव स्वतः येण्याऐवजी पुष्कळदा देवाचा ‘मेमरा’, म्हणजे शब्द, येतो. उत्पत्ती १८:२२ मध्ये ‘अब्राहाम परमेश्वरासमोर उभा राहिला’ असे आपण वाचतो. परंतु ज्यू परंपरेनेच एक यादी जपली आहे, जिच्यानुसार मूळ वाक्य ‘परमेश्वर अब्राहामासमोर उभा राहिला’ असे होते आणि ते अनुचित वाटल्याने लेखनिकांनी बदलले. आपण केलेला बदल नोंदवून ठेवणारी ही परंपरा माझ्या मनात मोठा आदर निर्माण करते. बाराव्या शतकात मैमोनिदेस या ज्यू तत्त्वज्ञाने तर देव काय नाही एवढेच सांगता येते, तो काय आहे हे सांगता येत नाही, इथपर्यंत विचार नेला.

पश्चात्तापाचे उदाहरण सर्वांत बोलके आहे. १ शमुवेलाच्या पंधराव्या अध्यायात शौलाला राजा केल्याचा परमेश्वराला पस्तावा झाला, असे अकराव्या आणि पस्तिसाव्या वचनांत म्हटले आहे. मधल्या एकोणतिसाव्या वचनात मात्र संदेष्टा शमुवेल म्हणतो की तो पस्तावा करणारा मनुष्य नव्हे. तिन्ही ठिकाणी हिब्रू धातू एकच आहे. काही अभ्यासक मधले वचन नंतर घातलेले मानतात, काही जण संपूर्ण अध्याय हेतुपूर्वक तसा रचलेला मानतात. काही भाषांतरे निरनिराळे शब्द वापरून हा ताण लपवतात आणि मला तो वाचकावर अन्याय वाटतो. ज्या ग्रंथाने दोन्ही वाक्ये एकाच अध्यायात ठेवली, त्याला ती तेथे हवी होती.

प्रश्न : जुन्या करारातील देव कोपिष्ट आणि नव्या करारातील देव प्रेमळ, असे आमच्याकडे सर्रास म्हटले जाते. हे बरोबर आहे का? (अहिल्यानगर)

नाही. हे मत दुसऱ्या शतकात मार्सियन या ख्रिस्ती शिक्षकाने मांडले होते. त्याने हिब्रू धर्मग्रंथच बाजूला सारले आणि रोममधील ख्रिस्ती मंडळीने त्याला बाहेर काढले. निर्गम ३४:६ मध्ये देव स्वतःचे वर्णन दयाळू, कृपाळू, मंदक्रोध असे करतो. हे वर्णन हिब्रू बायबलात अनेकदा पुन्हा येते, आणि योना हा संदेष्टा तर ते तक्रार म्हणून उच्चारतो : तू असा दयाळू आहेस हे मला ठाऊक होते, म्हणूनच मी पळालो! एकशे छत्तिसाव्या स्तोत्रातील सव्वीसही वचने ‘त्याची दया सनातन आहे’ या शब्दांनी संपतात. येथील मूळ शब्द ‘हेसेद’, म्हणजे करार पाळणाऱ्याची न ढळणारी निष्ठा आणि माया. दुसऱ्या बाजूने, नव्या करारात प्रकटीकरणाचे पुस्तकही आहे, जे कोपाने भरलेले आहे.

प्रश्न : येशूने देवाला ‘अब्बा’ म्हटले, म्हणजे आपण ‘बाबा’ म्हणतो तसेच, असे प्रवचनांत ऐकले आहे. मूळ भाषेत खरोखर तसा अर्थ आहे का? (सोलापूर)

‘अब्बा’ हा अरामी शब्द नव्या करारात तीनच ठिकाणी येतो : मार्क १४:३६, रोमकरांस ८:१५ आणि गलतीकरांस ४:६. तिन्ही ठिकाणी त्याच्यापाठोपाठ ‘पिता’ या अर्थाचा ग्रीक शब्द आहे. म्हणून मराठीत ‘अब्बा, बापा’ असे येते. योआकिम येरेमियास या जर्मन विद्वानाने हा शब्द लहान मुलांच्या बोलण्यातून आलेला असून देवाला अशी हाक मारणे त्या काळच्या ज्यू प्रार्थनेत अपूर्व होते, असे प्रतिपादन केले, आणि ते प्रवचनकारांना अतिशय आवडले. १९८८ मध्ये जेम्स बार यांनी भाषाशास्त्राच्या आधारे ते खोडून काढले : मोठी माणसेही आपल्या वडिलांना अब्बा म्हणत, आणि ग्रीकमध्ये लहान मुलांचा शब्द उपलब्ध असूनही नव्या कराराच्या लेखकांनी प्रौढ शब्दच वापरला. योगायोग असा की मराठीतला ‘बाबा’ या अर्थाला पुष्कळ जवळ जातो, कारण साठीतला मुलगाही वडिलांना बाबाच म्हणतो आणि त्यात जवळीक व आदर दोन्ही असतात. तेव्हा आपल्या प्रवचनकारांचे भाषांतर चूक नव्हते. बाळबोल म्हणून केलेले स्पष्टीकरण मात्र टिकत नाही.

प्रश्न : त्रैक्याची शिकवण बायबलात आहे की ती चर्चने नंतर ठरवली? आणि मूळ भाषा येत नसताना आमच्यासारख्यांनी हा अभ्यास कोठून सुरू करावा? (वसई)

त्रैक्य, म्हणजे पिता, पुत्र आणि पवित्र आत्मा मिळून एकच देव, हा शब्द बायबलात नाही. पुत्र पित्याशी एकतत्त्व आहे, हे सूत्र इ.स. ३२५ मध्ये निकेया येथील परिषदेत ठरले. पूर्वी १ योहान ५:७ मध्ये पिता, शब्द आणि पवित्र आत्मा हे तीन एक आहेत, असे एक वाक्य छापले जाई. ते जुन्या ग्रीक हस्तलिखितांत नाही, लॅटिन परंपरेत आहे. इरास्मस या डच विद्वानाने १५१६ च्या आपल्या ग्रीक आवृत्तीत ते घेतले नव्हते. गदारोळ झाल्यावर १५२२ च्या आवृत्तीत घेतले. आजच्या चिकित्सक आवृत्त्या ते मूळ मजकुरात ठेवत नाहीत.

परंतु यावरून येशूला देवपद नंतर चिकटवले गेले, असा निष्कर्ष काढण्याची घाई करू नये. विल्हेल्म बूसेट या जर्मन विद्वानाने १९१३ मध्ये असे मांडले होते की येशूला ‘प्रभू’ म्हणून भजणे पॅलेस्टाइनमधल्या पहिल्या शिष्यांचे नसून ग्रीक वातावरणातल्या मंडळ्यांचे आहे. पण पौल या आद्य ख्रिस्ती प्रचारकाने करिंथकरांना ग्रीकमध्ये लिहिलेल्या पत्राच्या शेवटी ‘मारानाथा’, म्हणजे ‘आमच्या प्रभू, ये’, ही अरामी हाक तशीच ठेवलेली आहे. ती अरामी बोलणाऱ्यांच्याच प्रार्थनेतून आलेली असणार. त्याच पत्राच्या आठव्या अध्यायात पौल ‘एक देव, पिता’ आणि ‘एक प्रभू, येशू ख्रिस्त’ असे म्हणतो. शेमामधील ‘देव’ आणि ‘प्रभू’ हे दोन शब्द त्याने पिता आणि येशू यांच्यात वाटून दिले आहेत, असे अनेक अभ्यासक वाचतात. फिलिप्पैकरांस पत्रात प्रत्येक गुडघा येशूच्या नावाने टेकला जावा, असे येते आणि ते शब्द यशया ४५:२३ मधले आहेत, जेथे ते केवळ याहवेसाठी आहेत. ही पत्रे येशूच्या मृत्यूनंतर सुमारे वीस ते तीस वर्षांतली. लॅरी हुर्ताडो यांनी या पुराव्यावर भर देऊन येशूची उपासना अगदी आरंभापासूनची होती असे म्हटले; जेम्स डन यांनी ‘उपासना’ हा शब्द इतक्या लवकर वापरण्याबाबत सावधपणा सुचवला. मला हुर्ताडो यांची बाजू अधिक बळकट वाटते. तरीही पौलाच्या या ओळी आणि निकेयाचे सूत्र यांच्यामध्ये जवळजवळ पावणेतीनशे वर्षांचा विचार आहे, हे विसरता येणार नाही.

सुरुवातीविषयी. मूळ भाषा येत नाहीत, हा अडथळा आहे, पण दार बंद करणारा नाही. पंडिता रमाबाईंनी केडगावला हिब्रू आणि ग्रीक शिकून साध्यासुध्या स्त्रियांनाही कळेल अशा मराठीत संपूर्ण बायबल आणण्यासाठी आयुष्याची अखेरची वर्षे खर्च केली, आणि १९२२ मध्ये त्या गेल्या तेव्हा ते काम पूर्ण होत आलेले होते. शक्य असल्यास त्यांचे भाषांतर आणि प्रचलित भाषांतर शेजारी ठेवून एकच स्तोत्र वाचावे. शब्द जेथे वेगळे पडतात तेथे थांबावे.

त्याहून सोपा आरंभ म्हणजे एकाच घटनेचे दोन वृत्तांत जुळवून पाहणे. २ शमुवेल २४ आणि १ इतिहास २१ हे दोन अध्याय उघडा. दावीद इस्राएलची शिरगणती करतो, त्याबद्दल शिक्षा म्हणून मरी येते आणि शेवटी एका खळ्याच्या जागी वेदी बांधली जाते. कथा एकच आहे, वाक्येही पुष्कळशी तीच आहेत. आता दोन्हींचे पहिले वचन वाचा. शमुवेलात दावीदाला शिरगणतीस प्रवृत्त करणारा परमेश्वर आहे. इतिहासाच्या पुस्तकात, जे बंदिवासानंतर पारसाच्या अमलाखाली लिहिले गेले, तेथे प्रवृत्त करणारा सैतान आहे. दोन्ही वचने एका कागदावर एकाखाली एक लिहून काढा. नंतरच्या लेखकाने जुने वाक्य का बदलले असेल, याचे आपल्याला सुचेल ते उत्तर त्याखाली लिहा, आणि मग ईयोबाचा पहिला अध्याय वाचा, ज्यात तोच ‘सातान’ देवाच्या दरबारात, देवाच्या पुत्रांमध्ये, आरोप करणारा म्हणून हजर आहे. आपले उत्तर त्यानंतर बदलले, तर तसे आम्हाला अवश्य कळवावे.